उघड दिसणारी चूक

अर्जाचं काय होणार हे तिघा भावंडांतल्या मधलीला अर्ज लिहायच्या आधीच ठाऊक होतं. न्यायालयात स्टेनो म्हणून तिची बावीस वर्षं गेली होती. तेवढ्या काळात पुनर्विलोकनाचे अर्ज फेटाळल्याचे आदेश तिच्या बोटांखालून इतके गेले होते, की साहेबांनी 'सदर अर्ज' म्हणावं आणि पुढची चार वाक्यं तिने न ऐकता उतरवावीत. न्यायालय आपलाच निकाल पुन्हा हातात घेतं ते मोजक्या कारणांसाठी. एक तर कागद समोर धरताक्षणी डोळ्यात भरावी अशी चूक हवी, जी दाखवायला तासभर युक्तिवाद लागत नाही. नाहीतर असा नवा पुरावा हवा, जो अर्जदाराने जिवाचं रान केलं असतं तरी त्याला आधी मिळाला नसता. निकाल पटत नाही, अन्याय झाला, घर बसलं, ही कारणं त्यात कुठेच बसत नाहीत.

तरीही त्या रविवारी दुपारी तिने सगळ्यांना आईच्या कटिंगच्या टेबलाभोवती बसवलं होतं.

टेबल चांगलं बारा फूट लांब. आई त्यावर बोटींची छतं आणि पडदे बेतायची. एरवी ते मेणकापडाखाली दडलेलं असायचं. आज कापड गुंडाळून भिंतीला टेकवलं होतं, खडू आणि कात्र्या डब्यात गेल्या होत्या, आणि मधोमध प्लास्टिकच्या पाकिटात एकच कागद होता. धक्क्यावरच्या नोंदवहीचं पान क्रमांक चौऱ्याऐंशी. त्यावर थोरल्याच्या तिरप्या अक्षरात एक ओळ होती: सात पाच, सोडली. खाली त्याची सही.

त्याआधीच्या पानावर, त्र्याऐंशीवर, शेवटची नोंद होती ती अशी: सहा चाळीस, धुकं, फेऱ्या बंद. सात वर्षं सगळ्या जगाने तेवढंच पान पाहिलं होतं. त्या सकाळी धाकट्याची फेरीबोट धुक्यात नांगरलेल्या मालबोटीवर आदळली आणि सात माणसं बुडाली. फेऱ्या बंद असताना, जाणूनबुजून हुकूम मोडून त्याने बोट काढली, असं न्यायालयाने म्हटलं आणि नऊ वर्षं दिली. साधा निष्काळजीपणा असता तर दोन वर्षांत सुटला असता. पाच भोगून झाली होती, चार उरली होती. दोन वर्षांपूर्वी अपीलही फेटाळलं गेलं.

चौऱ्याऐंशीवं पान भिजून खराब झालं, असं थोरल्याने साक्षीत सांगितलं होतं. तो तेव्हा धक्क्यावर पाळीचा प्रमुख होता. पान भिजलं नव्हतं. त्याने ते त्याच सकाळी फाडून खिशात घातलं होतं, आणि संध्याकाळी कपडे भिजवताना ते आईच्या हाती लागलं होतं.

"परिच्छेद नऊ," वकीलबाई म्हणाल्या आणि त्यांनी चष्मा कपाळावर ढकलला. पासष्टीच्या, हाडकुळ्या, बोलण्यात कधी घाई नाही. "गाडी इथे अडते. हे पान आजवर आम्हाला का आणता आलं नाही, ते इथे शपथेवर सांगायचंय."

"साहेब गेल्यावर सामान आवरलं, त्यात सापडलं, असं लिहा ना," वहिनी म्हणाली. थोरल्याची बायको. ती टेबलापासून जरा लांब, दाराजवळच्या स्टुलावर बसली होती. बोलावलं म्हणून आले, एवढंच तिच्या बसण्यातून कळत होतं. सासऱ्यांना ती कायम साहेबच म्हणायची. "खोटं काय त्यात? सामान आवरलंच की."

"लिहीन. पण अर्जदार कोण? तुमचा दीर. शपथ त्याची." वकीलबाईंनी बोट पाकिटावर ठेवलं. "पान नंतर सापडेल हो. पण वायरलेसवर बोट सोडायचा हुकूम ज्याच्या कानात पडला, त्याला तो कधी कळला? त्याच मिनिटाला. मग पहिल्याच खटल्यात तोंड का उघडलं नाही, असं विचारतील. त्याला आपल्याकडे उत्तर नाही."

उत्तर होतं. सगळ्यांना माहीत होतं आणि कुणी कुणाकडे बघत नव्हतं.

शेवटी आईच बोलली. "मी त्याला गप्प बसवलं. दवाखान्यात जाऊन. हात प्लास्टरमध्ये होता त्याचा. म्हटलं, तू तर जाणारच आहेस बाळा, बोट तुझ्या हातात होती. दुसऱ्याला ओढू नकोस. हिला तेव्हा सातवा महिना होता." तिने हनुवटीने वहिनीकडे दाखवलं. "तो म्हणाला, बरं. एवढंच. लहानपणी घरभर भोंगा वाजवत फिरायचा तोंडाने, भोंग्याच म्हणायचो आम्ही त्याला. आणि त्या दिवशी नुसतं, बरं."

वकीलबाई लिहिता लिहिता थांबल्या. "मावशी, हे तुम्ही इतकी वर्षं का दाबून ठेवलंत, असंही विचारतील."

"यांच्यामुळे," आई म्हणाली. म्हणजे बाबांमुळे. तीस वर्षं लाँच चालवलेला माणूस. बंद म्हणजे बंद, हा त्याचा देव. निकाल लागला त्या दिवसापासून त्याने धाकट्याचं नाव काढू दिलं नाही. शेवटच्या आजारात मधलीने तीनदा विचारलं, भेटायची परवानगी काढू का? तिन्ही वेळा म्हातारा भिंतीकडे तोंड करून पडून राहिला. "सांगितलं असतं तर यांनी थोरल्याकडे पाठ फिरवली असती. दोन्हीकडे पाठ फिरवून माणूस निजणार कसा?"

बाबा गेले आणि महिन्याभराने आई न्यायालयाच्या कँटीनमध्ये मधलीसमोर येऊन बसली. हिशेबाच्या जुन्या डायरीत घडी घातलेलं पान तिने पुढे सरकवलं आणि म्हणाली, तू रोज निकाल टाइप करतेस, हा एक बदलून आण. मधलीचा चहा निवून गेला. टाइप करणं आणि बदलणं यात किती मजले असतात, हे आईला कसं सांगणार?

"मी जाते तुरुंगात," मधली आता म्हणाली. "धाकट्याला मी पटवते. एकच ओळ आहे. वायरलेसवर नीट ऐकू आलं नव्हतं, धुक्यात खरखर होती, पान बघितल्यावर उलगडा झाला. एवढंच लिहायचं."

वकीलबाईंनी चष्मा खाली घेतला आणि तिच्याकडे नीट पाहिलं. "तुम्ही हे म्हणताय? तुम्ही?"

मधलीचा चेहरा तापला. आयुष्यभर तिने दुसऱ्यांच्या शपथा उतरवल्या होत्या. साक्षीदार खोटं बोलायला लागला की आवाज कसा एक पायरी वर चढतो, हे तिला ऐकून ऐकून पाठ झालं होतं. आणि आत्ता तिला आपलाच आवाज तसा ऐकू आला.

"ते तर मीही त्याला सुचवून बघितलं," वकीलबाई म्हणाल्या. "वकील आहे मी, संत नाही. त्याने काय सांगितलं ऐका. म्हणाला, मी तेव्हा बोललो नाही, ते न बोलणं होतं. आता हे लिहिलं तर खोटं बोलणं होईल. ते मला जमायचं नाही. अर्जावर सही करतो, ताईने हट्ट धरलाय म्हणून. पण जे झालं तेच लिहायचं."

"म्हणजे अर्ज पडणार," वहिनी म्हणाली.

"बहुतेक."

"बहुतेक की नक्की?"

"तुमच्या नणंदेला विचारा. त्यांनी माझ्यापेक्षा जास्त पडलेले पाहिलेत."

वहिनी उठली. "मग मला एक सांगा कुणीतरी. तो सुटणार नाही. आणि ह्यांनी लिहून द्यायचं, की मी खोटी साक्ष दिली, मी पान फाडलं. म्हणजे हे आत जाणार. एक बाहेर येत नाही म्हणून दुसरा आत? हा कुठला न्याय? माझी पोरगी सात वर्षांची आहे. शाळेत काय सांगेल ती?"

"त्या बुडालेल्या सातांत दोन शाळेचीच होती," मधली म्हणाली. बोलायचं नव्हतं, निघून गेलं.

"मला नको शिकवूस! मी त्यांची नावं रोज घेते. तुला माहीत नाही, मी काय काय घेते ते."

तेव्हा एक विचित्र गोष्ट घडली. ज्या आईने हे पान सात वर्षं जपलं, जिने निकाल बदलून आणायला सांगितलं होतं, तिनेच हात लांब करून पाकीट उचललं. "हिचं बरोबर आहे," ती म्हणाली. "पडणारच असेल तर कशाला? मला वाटलं होतं कागद दाखवला की झालं. वकीलबाई, राहू द्या. मी चुकले. फाडून टाकते." आणि तिने खरंच पाकिटाचं तोंड उघडलं.

वहिनी धावत जाऊन सासूच्या शेजारी उभी राहिली. इतक्या वर्षांत त्या दोघी पहिल्यांदाच अशा खांद्याला खांदा लावून उभ्या होत्या. मधलीने वकीलबाईंकडे पाहिलं. त्या खिडकीबाहेर बघत होत्या, जणू हा भाग त्यांना ऐकायचा नव्हता.

थोरला एवढा वेळ खुर्चीत पुढे वाकून बसला होता. अपघातानंतर त्याने धक्का सोडला होता. बंदराच्या कचेरीत बसून भरती-ओहोटीची कोष्टकं करायचा. वर्षभर आधी, मिनिटाच्या हिशेबाने, पाणी कधी चढेल आणि कधी उतरेल ते लिहून ठेवायचं काम. माणसांशी संबंध नाही. बोलणंही त्याचं त्या आकड्यांसारखंच झालं होतं, गरजेपुरतं.

"आई, दे इकडे," तो म्हणाला.

"ऐक माझं—"

"दे."

त्याने पाकीट तिच्या हातातून घेतलं, वकीलबाईंसमोर ठेवलं आणि त्यांचंच पेन उचललं. "माझं प्रतिज्ञापत्र कुठलं? हे?"

"अहो," वहिनी म्हणाली. आवाज एकदम लहान झाला. "त्याला सोडवता येत नाहीये ना. मग कशासाठी?"

थोरल्याने पेनाचं टोपण काढलं. मग म्हणाला, "मला तो कागद आता घरात नको. बस्स." आणि तीन पानांवर तीन सह्या केल्या. सही तशीच तिरपी, चौऱ्याऐंशी क्रमांकाच्या पानावर होती तशी. वकीलबाईंनी दोन्ही शेजारी धरून पाहिल्या आणि कागद फाइलमध्ये घातले.

*

सुनावणी झाली ती सहा आठवड्यांनी. मधलीने आपल्या वरिष्ठांना सगळं लेखी कळवून रजा घेतली होती. दोन मजले चढून ती प्रेक्षकांच्या बाकावर जाऊन बसली, तेव्हा तिला जाणवलं, की या खोलीत आपण आजवर कधी मागच्या बाजूने आलोच नाही. इथून न्यायाधीश फार लांब दिसत होते.

तेच दोघे होते. अपील ज्यांनी फेटाळलं होतं, तेच. नियमच तसा: निकाल ज्यांनी दिला, शक्यतो त्यांनीच तो पुन्हा बघायचा. ज्येष्ठ साहेबांना खोकला झाला होता. कनिष्ठ न्यायाधीश बाई होत्या, आणि कागदाचा शब्दन् शब्द वाचून येतात अशी त्यांची ख्याती होती. मधलीची सगळी आशा, जेवढी काही होती तेवढी, त्या बाईंवर होती.

आईच्या एका बाजूला थोरला, दुसऱ्या बाजूला वहिनी. यादीत त्यांचा अर्ज एकोणिसावा. दुपारी सव्वा वाजता पुकारा झाला.

वकीलबाईंनी पान दाखवलं. हुकूम मोडला या एका गोष्टीवर नऊ वर्षांची इमारत उभी आहे, त्या म्हणाल्या, आणि हुकूम मोडलाच नव्हता. ज्याने मोडल्याची साक्ष दिली तो स्वतः इथे येऊन सांगतोय की मी खोटं बोललो. निकालाचा पायाच राहिला नाही.

"हे पान खरं आहे, असं आम्ही धरून चालू," न्यायाधीश बाई म्हणाल्या.

बाकावर आईने श्वास आत घेतला. तिला वाटलं, झालं. मधलीला मात्र माहीत होतं. 'धरून चालू' म्हणजे पुढे 'तरी' येतो.

"तरी," बाई म्हणाल्या, "आम्ही आत्ता अपील ऐकत नाही आहोत. तुमचं म्हणणं काय आहे? आमच्या निकालात उघड दिसणारी चूक आहे? मग ती निकाल आणि तेव्हाचा पुरावा शेजारी ठेवून दिसायला हवी. तशी दिसत नाही. आमच्यापुढे तेव्हा जे होतं, त्यावरून निकाल बरोबरच होता. चूक बाहेरून येतेय."

"नवा पुरावा म्हणून येतेय, बाईसाहेब."

"नवा कुणाला? आम्हाला. अर्जदाराला नाही." त्यांनी कागद उलटला. "परिच्छेद नऊ. 'मला सात वाजून पाच मिनिटांनी बोट सोडण्यास सांगण्यात आले हे मला पहिल्यापासून माहीत होते. मी ते स्वतःहून सांगितले नाही.' इतका सरळ परिच्छेद मी बऱ्याच दिवसांत वाचला नाही. पण या परिच्छेदानंतर तुम्ही मला कुठून आत घेणार, ते सांगा."

वकीलबाईंनी सांगून पाहिलं. आईची विनवणी सांगितली, वहिनीचा सातवा महिना सांगितला, धाकट्याचं वय सांगितलं. ज्येष्ठ साहेब खोकत ऐकत राहिले. मग म्हणाले, "वकीलबाई, घरातल्या माणसासाठी गप्प बसणारे पुष्कळ असतात. उद्या प्रत्येक जण दहा वर्षांनी येऊन म्हणेल, तेव्हा बोललो नाही, आता बोलतो, निकाल उघडा. मग कुठला निकाल कधी संपणार? त्या सात घरांनाही कधीतरी हे संपायला हवंय."

"आणि चुकीची शिक्षा भोगणारा माणूस?"

साहेबांनी समोरच्या पानाकडे पाहिलं. "शिक्षा कमी करण्यासाठी सरकारकडे अर्ज करता येईल. तो मार्ग बंद नाही. आमचे हात..." ते खोकले, आणि ते वाक्य तसंच राहिलं. मग आदेश सांगायला लागले.

खाली बसलेली स्टेनो मधलीची मैत्रीण होती. पंधरा वर्षं डबा एकत्र खाल्लेली. तिने एकदा मान वर करून मागे पाहिलं आणि पुन्हा वहीत घातली. पुनर्विलोकन म्हणजे वेगळं सोंग घेतलेलं अपील नव्हे. विलंबाचं कारण समाधानकारक नाही. अर्जदारास ज्ञात असलेली बाब नवीन म्हणता येणार नाही. मधलीची बोटं मांडीवर आपोआप हलत होती. 'फेटाळण्यात येत आहे' पर्यंत ती साहेबांच्याही पुढे पोचली होती.

पण आदेश तिथे संपला नाही. "सोबतच्या प्रतिज्ञापत्राची प्रत," साहेब म्हणाले, "योग्य त्या कारवाईसाठी सरकारी वकिलांकडे पाठवावी." मग पुढचा पुकारा झाला.

सगळं मिळून अकरा मिनिटं लागली होती.

*

जिन्यात आई पायरीवरच बसली. थोरला वकीलबाईंबरोबर खाली गेला होता. सरकारी वकिलाकडून बोलावणं यायच्या आत काय करायचं, ते त्या सांगत होत्या. वहिनी कठड्याला धरून उभी होती. मधली जवळ गेली तेव्हा आपल्या कानाखाली वाजणार, अशी तिने मनाची तयारी केली होती.

"झालं समाधान?" वहिनी म्हणाली.

"नाही."

"माझंही नाही." वहिनी थोडा वेळ खालच्या चौकाकडे बघत राहिली. तिथे थोरला मान हलवत उभा होता, शाळेत ओरडा खाताना मुलं हलवतात तशी. "काल हे झोपले शांत. सात वर्षांत पहिल्यांदा. मी जागी, आणि हे घोरतायत. एवढा राग आला मला." तिने नाक पुसलं. "हे कधी गेलेच नाहीत ना तुरुंगात भेटायला. एकदाही. आता जायचं म्हणतायत आणि तीन दिवस बूट घालून बसतायत, उठत नाहीत. माझ्याबरोबर गेले तर माझ्याकडे बघत बसतील. तू घेऊन जा ह्यांना."

आई खालून म्हणाली, "मी पण येते."

"तुम्ही नाही," वहिनी म्हणाली, कडकपणे, पण हात सासूच्या खांद्यावर ठेवून. "तुम्ही असलात की दोघंही तुमच्याशीच बोलतील."

*

भेटीची खोली लांबट होती. मधे दुहेरी जाळी, दोन जाळ्यांत वीतभर अंतर, त्यामुळे पलीकडचा चेहरा कायम थोडा पुसलेला दिसायचा. धाकटा सुतारशाळेतून सरळ आला होता. भुवयांवर लाकडाचा भुसा होता. मधली महिन्यातून एकदा यायची, तिला सवय होती. थोरला उभाच राहिला.

"बस," धाकटा म्हणाला. "उभं राहून बोलायची परवानगी नाही."

थोरला बसला. इतक्या वर्षांचं काय काय साठलं असेल, असं मधलीला वाटलं होतं; पण दोघं जाळीच्या पोलादाकडे बघत राहिले.

"फेटाळला," शेवटी थोरला म्हणाला.

"कळलं. कार्यालयात आदेश आलाय." धाकट्याने नखाने टेबलावरचं काहीतरी खरवडलं. "छान लिहिलाय. ताई, तू नाही ना टाइप केलास?"

"गप्प बस," मधली म्हणाली.

"सरकारकडे अर्ज करू," थोरला म्हणाला. "वकीलबाई म्हणाल्या, मी कबूल केलंय म्हणून कदाचित—"

"तू का कबूल केलंस?"

थोरला गोंधळला. "म्हणजे?"

"म्हणजे का केलंस? मी सही केली ती ताईच्या हट्टासाठी, तुझी कबुली मागितली होती?" आवाज चढला नाही, पण धाकट्याची मान लाल झाली होती. "पाच वर्षं माझ्याकडे इथे एकच गोष्ट होती. दादा बाहेर आहे, त्याची मुलगी शाळेत जाते, ते माझ्यामुळे. सकाळी उठायला तेवढं पुरायचं. आता मी आत तो आतच, आणि तूही येणार. मग मी गप्प बसून केलं काय? सांग ना. सगळं फुकट घालवलंस."

"मला जमेना," थोरला म्हणाला.

"मला जमत होतं!"

दाराजवळचा पहारेकरी वळला. धाकट्याने हात वर करून, काही नाही, असं दाखवलं. मधलीला वाटलं, मधे पडावं, दोघांना काहीतरी सांगावं. पण अर्जाचा हट्ट तिचाच होता. हरणार हे ठाऊक असून तो धरला होता, आणि त्याची किंमत हे दोघे आता एकमेकांना विचारत होते.

शेजारच्या खिडकीवर एक म्हातारी मुलाला घरच्या कुत्र्याबद्दल सांगत होती.

"एक विचारायचंय," धाकटा म्हणाला. आता तो थोरल्याकडे बघत नव्हता. "खरं सांगायचं. वायरलेसवर तू सावकाश म्हणाला होतास ना? 'सोड, पण सावकाश जा.' असं."

थोरल्याने मान वर केली.

"मला तसंच ऐकू येतं," धाकटा म्हणाला. "रोज. आणि मी काही फार वेगात नव्हतो, पण सावकाशही नव्हतो. रोजच्यासारखाच होतो. पलीकडच्या धक्क्यावर दवाखान्याची माणसं खोळंबली होती. तू सांगितलंस आणि मी ऐकलं नाही. सांगितलेलं ऐकलं असतं तर मालबोट दिसल्यावर फिरवता आली असती. न्यायालयाने जे लावलं ते चूक होतं, मान्य. पण हुकूम मी मोडलाच होता. दुसरा. म्हणून मला नऊ वर्षं तशी जास्त वाटली नाहीत."

थोरल्याचे ओठ हलले. मधलीला वाटलं, आता हा खोटं बोलणार, आणि कुठलं खोटं बोलेल हेही तिला कळेना. हो म्हणणं सोपं होतं. हो म्हटलं तर स्वतःवरचा थोडा भार उतरत होता.

"नाही," थोरला म्हणाला.

"नीट आठव."

"आठवायचं काय त्यात? मला दुसरं काही आठवतच नाही. खिडकीशी लोक ओरडत होते. मी बटण दाबलं आणि म्हणालो, 'सोड रे, डोकं खाल्लंय लोकांनी.' एवढंच म्हणालो. धुक्याचं काही बोललो नाही. सावकाश म्हणालो नाही. म्हणायला हवं होतं. सुचलंच नाही."

धाकट्याने दोन्ही हातांनी चेहरा झाकला आणि तसाच पुढे वाकला. कपाळ जाळीला टेकलं. खांदे हलत होते. थोरल्याने हात उचलून जाळीवर ठेवला. दोन जाळ्यांमधल्या वीतभर अंतरामुळे तो पोचणं शक्य नव्हतं, पण त्याने तो काढला नाही.

"मग त्या सातांत," धाकटा हातांमागून म्हणाला, "तुझे किती आणि माझे किती, ते आता नव्याने बघायला लागेल."

"बघू," थोरला म्हणाला. "मी येईन दर महिन्याला."

"बाहेर असलास तर."

"बाहेर असलो तर."

"आणि आत आलास तर सुतारशाळेत येऊ नकोस. तुला धड खिळा ठोकता येत नाही." धाकट्याने बाहीने डोळे पुसले, भुसा गालभर पसरला. "इथे स्वयंपाकघरात बरं असतं. ऊब असते."

थोरल्याने मान डोलावली आणि अगदी गंभीरपणे विचारलं, "स्वयंपाकघरासाठी नाव कुणाकडे द्यायचं?"

पहारेकऱ्याने वेळ संपल्याची घंटा वाजवली. म्हातारी उठली, बाकीचे उठले, खुर्च्या सरकल्या. धाकटा जाळीच्या अगदी जवळ तोंड आणून थोरल्याला समजावून सांगायला लागला: कुठल्या कारकुनाला भेटायचं, कुठल्या दिवशी, आणि काय म्हणायचं नाही.